फिर्यादीत नसलेला शब्द

आमच्या केसचा निकाल काय लागला ते आधीच सांगून टाकते. नाहीतर लोक कान माझ्याकडे ठेवतात आणि लक्ष निकालाकडे. तर, आरोपीला मारहाणीबद्दल किरकोळ शिक्षा झाली आणि ॲट्रॉसिटीचं कलम टिकलं नाही. खटला उभा राहीपर्यंत इतकी वर्षं गेली होती की साक्षीदार कोण कुठे, कोण कुठे पांगले होते. जे सापडले त्यांना काही आठवत नव्हतं. हे ऐकलं की माणसं चुकचुकतात आणि माझ्या खांद्यावर हात ठेवतात. मला त्या हाताचा राग येतो. मी काही सांत्वनाला आलेली नसते. मला सांगायचं असतं ते निकालाच्या कितीतरी आधीचं, आरोपीने अटकपूर्व जामीन मागितला तेव्हाचं. त्या दिवशी ठाण्याच्या सेशन्स कोर्टात माझी आई जे बोलली, त्यावर मी आजवर मान ताठ ठेवून जगले आहे.

नव्वदचं दशक संपत आलं होतं. आम्ही विरार पूर्वेला फुलपाड्यात राहायचो, आई आणि मी. बाबा आम्ही मुंबईच्या चाळीत असतानाच गेले. आई म्युनिसिपालिटीच्या प्रसूतिगृहात नर्स होती. तिने स्वतःच्या पगारावर कर्ज काढून हा फ्लॅट घेतला होता. दाराला पितळी कडी हवी, असा तिचा हट्ट होता. बिल्डर म्हणाला, पितळी कडी या बजेटमध्ये बसत नाही. आई म्हणाली, मग दारच राहू द्या, मी बाहेर बसते. कडी पितळेचीच लागली. तिच्याशी वाद घालणं म्हणजे भिंतीवर डोकं आपटणं होतं, आणि हे मी तिची एकुलती एक मुलगी म्हणून अधिकाराने सांगते.

आमच्या घरात एक नियम होता. तो समजल्याशिवाय पुढचं काही समजणार नाही.

आईचे वडील रत्नागिरीकडचे, गिरणीत कामाला होते. धर्मांतर केलं त्या दिवसापासून त्यांनी आमच्या जातीचं जुनं नाव घरात बंद केलं. कोणी विचारलं तर सांगायचं, आम्ही बौद्ध. ते जुनं नाव रागात नाही, थट्टेत नाही, गावच्या आठवणी सांगतानाही नाही. एकदा त्यांची म्हातारी आत्या सवयीने ते बोलून गेली तर आजोबा भरल्या ताटावरून उठले. आत्याने हात जोडले तेव्हा पुन्हा बसले. आई हे बघत वाढली आणि तिने तोच नियम पुढे चालवला. पाचवीत असताना मी तो शब्द शाळेतून ऐकून आले आणि अर्थ विचारला. आईने माझ्या तोंडावर हात ठेवला. मारलं नाही, नुसता हात ठेवला. म्हणाली, "आपल्या घरात हा शब्द नसतो."

मी म्हटलं, "पण मग शब्दकोशात कसा असतो?"

"शब्दकोश आपल्या घरात आहे?"

"नाही."

"मग झालं तर."

नोकरीसाठी काढलेल्या जातीच्या दाखल्यावर ते नाव छापलेलं होतं. तिथे तिचा इलाज नव्हता. मग ती तो दाखला कपाटात घडी घालून, पालथा ठेवायची. मी तिला चिडवायचे, की दाखल्याला श्वास घ्यायला जागा ठेव. ती हसायची नाही. ह्या बाबतीत तिला विनोद चालत नसे.

तेव्हा विरारला पाण्याची बोंब होती. नळाला पाणी येई ते करंगळीएवढं. मग टँकर मागवायचा, तो इमारतीच्या जमिनीखालच्या टाकीत ओतायचा आणि पंपाने वर चढवायचा. टाकीच्या लोखंडी झाकणाला कुलूप असे आणि किल्ली सोसायटीच्या सेक्रेटरीकडे. मुंबईला खासगी कंपनीत नोकरी करणारा, पन्नाशीचा, कडक इस्त्रीचा माणूस. तो ती किल्ली कमरेला अशी लावून फिरायचा की बघणाऱ्याला वाटावं, तानसा तलाव ह्याच्याच घरचा.

त्या उन्हाळ्यात इमारतीत कावीळ आली. आधी तळमजल्यावरच्या एका मुलीला, मग तिच्या बापाला, मग समोरच्या बिऱ्हाडात. आईला इमारतीत सगळे सिस्टर म्हणत. ताप आला की सिस्टर, इंजेक्शन द्यायचं की सिस्टर, बाळ दूध ओढत नाही की सिस्टर. ती कोणाकडून कधी चहासुद्धा घ्यायची नाही. टाकीचं पाणी खराब आहे, ब्लीचिंग पावडर टाकायला हवी, हे तिने सेक्रेटरीला दोनतीनदा सांगून पाहिलं. तो म्हणाला, मीटिंगमध्ये ठेवू. कावीळ मीटिंगची वाट बघत नसते, असं म्हणून आईने नगरपरिषदेतून पावडर आणली.

रविवारी दुपारी टँकर आला. सेक्रेटरी झोपला होता. त्याच्या बायकोने काही न बोलता किल्ली काढून दिली. आई खाली गेली, झाकण उघडलं, गुडघ्यावर बसून आमच्याच घरातली बादली टाकीत बुडवली आणि त्या पाण्यात पावडर कालवायला लागली. भोवती हंडे घेऊन बायका उभ्या होत्या. टँकरवाला पाइप गुंडाळत होता. गेटपाशी पाचूबंदरहून येणारी कोळीण टोपली उतरवून बसली होती. मी दुसऱ्या मजल्याच्या गॅलरीतून बघत होते.

सेक्रेटरी झोपेतून उठून आला. आमची बादली टाकीत बघून तो जिन्याच्या तोंडाशीच थबकला आणि मग ओरडला. त्या ओरडण्यात तो शब्द होता. नुसता शब्द नाही, पूर्ण वाक्य होतं: आईला त्या नावाने हाक मारून, तिने टाकी बाटवली असं. आई उठायला लागली तेवढ्यात त्याने तिला ढकललं. ती टाकीच्या काँक्रीटच्या कडेवर उजव्या हातावर पडली. हाड मोडल्याचा आवाज गॅलरीत आला नाही, पण मला आजही वाटतं की मी तो ऐकला.

पुढे त्याने जे केलं ते मी लोकांना सांगते तेव्हा कोणाचा विश्वास बसत नाही. त्याने पंपाचा पाइप गटाराकडे वळवला आणि सगळी टाकी उपसून टाकली. भर उन्हाळ्यात, नुकताच ओतलेला टँकर. रिकामे हंडे घेतलेल्या बायका बघत राहिल्या आणि पाणी फेसाळत गटारातून रस्त्यावर गेलं. आणि त्यातली एकजण, जिच्या नातवाला आईने आदल्या आठवड्यात सुई टोचली होती, ती आईकडे बघून म्हणाली, "काय गरज होती हो सिस्टर?"

मी खाली उतरले तेव्हा माझ्या हातात लाटणं होतं. ते मी का घेतलं, कोणाला मारणार होते, देव जाणे. आई मला बघून म्हणाली, "ते वर ठेवून ये आणि माझी पर्स आण. हाताला पट्टी बांध. पोलीस चौकीत जायचंय."

पोलीस स्टेशनात ड्युटीवरच्या हवालदाराला हे सोसायटीचं भांडण वाटलं. साधी एनसी करतो म्हणाला, म्हणजे नोंद करायची आणि विसरायचं. आई बाकड्यावर बसून राहिली. तिला हॉस्पिटलच्या कामामुळे पोलिसांची भाषा येत होती. शेवटी फिर्याद लिहायला घेतली. हवालदाराने विचारलं, "जात?"

"बौद्ध," आई म्हणाली.

"नेमकं काय बोलला तो?"

आई थांबली. मी तिच्या शेजारी होते, मी तिच्याकडे पाहिलं. ती म्हणाली, "जातीवरून बोलला. तेवढं लिहा."

हवालदारालाही बरंच वाटलं असावं. त्याने 'जातिवाचक शिवीगाळ करून ढकलून दिले' असं लिहिलं, आईने डाव्या हाताने कशीबशी सही केली आणि आम्ही प्लास्टर घालायला गेलो. मला वाटलं, झालं काम. ॲट्रॉसिटीला अटकपूर्व जामीन मिळत नाही, हे तेव्हा वर्तमानपत्र वाचणाऱ्या सगळ्यांना माहीत होतं. मी मनातल्या मनात सेक्रेटरीला तुरुंगात डबा पोचवून मोकळीसुद्धा झाले.

पण कायद्याची एक खोच असते. अटकपूर्व जामीन नाही, हे खरं. पण तो गुन्हा झाला असं फिर्याद वाचून तरी दिसायला हवं. सेक्रेटरीने ठाण्याला अर्ज केला. आम्ही वसईहून एसटीने घोडबंदरच्या रस्त्याने गेलो. त्याच्या वकिलाने आमची फिर्याद हातात धरली आणि अगदी गोड आवाजात विचारलं, की साहेब, शिवीगाळ म्हणजे कोणती? शब्द कुठे आहे? आणि फिर्यादीच सांगते की ती बौद्ध आहे. बौद्ध हा तर धर्म. त्या धर्मात जातच नाही, मग जातिवाचक बोलणार तरी काय?

मी चवताळले. आमचे आजोबा ज्यासाठी ताटावरून उठले, ते हा माणूस आमच्याच विरुद्ध वापरत होता. न्यायाधीशांनी पुढची तारीख दिली आणि तोवर अटक करू नका असं सांगितलं. म्हणजे तात्पुरता जामीनच. त्या संध्याकाळी आमच्या इमारतीत पेढे वाटले गेले. आमच्या दाराशी कोणी आलं नाही, पण पेढ्याचा कागद कोणीतरी आमच्या पायपुसण्यावर टाकून गेलं.

सरकारी वकील निवृत्तीला आलेले गृहस्थ होते, सतत खोकायचे. कोर्टाच्या व्हरांड्यात त्यांनी आईला समजावलं. "बाई, धर्माचा मुद्दा तुमच्या दाखल्याने निकालात निघेल, त्याची काळजी सोडा. पण शब्द? शब्दाशिवाय मी भांडू कशावर? पोलिसांना पुरवणी जबाब द्या. तो काय बोलला ते जसंच्या तसं लिहून द्या."

आई म्हणाली, "तुम्हाला माहीत आहे तो काय बोलला असेल."

"मला माहीत आहे. कोर्टाला तुमच्याकडून माहीत व्हायला हवं."

आमच्या केसचा तपास करणारे डीवायएसपी वसईला बसत. त्यांनी आम्हाला बोलावलं, खुर्ची दिली, लिहिणाऱ्याला तयार ठेवलं. आईने तोंड उघडलं. मग मिटलं. तिच्या कपाळावर घाम आला. ती बाळंतिणीच्या किंकाळ्यांत तासन्‌तास उभी राहणारी बाई, रक्ताला न डरणारी, आणि तिला चार अक्षरं बोलवेनात. "मला जमणार नाही, साहेब," ती म्हणाली. बाकी साक्षीदारांचं तर विचारूच नका. हंडे घेऊन उभ्या असलेल्या बायकांनी एकजात सांगितलं की पंपाचा आवाज होता, ऐकू आलं नाही. पंप नंतर चालू झाला होता, पण तेवढं कोण लक्षात ठेवणार!

त्या दिवशी घरी येऊन मी आईशी भांडले. कडाडून भांडले. म्हटलं, "मी सांगते ना कोर्टात! मी ऐकलंय. तू गप्प बस, मी बोलते."

"तू कशी बोलशील? तो मला म्हणाला."

"मग तू बोल!"

"बाय, तुला कळत नाही. हाड मोडलं ते जुळेल. पण तो शब्द मी माझ्या तोंडाने बोलले, की त्याला जिथे तो पोचवायचा होता तिथे तो पोचला."

"आणि नाही बोललीस तर तो उजळ माथ्याने फिरणार!"

"फिरू दे."

"माझ्याकडून बोलवून घे ना मग. मला काही वाटत नाही."

आई माझ्याकडे बघून म्हणाली, "तुझं बाळंतपण मी करू शकेन. तुझ्या कळा मी देऊ शकेन का? ज्याच्या कळा त्यानेच द्यायच्या असतात." एवढं बोलून ती डाव्या हाताने भाकरी थापायला बसली. भाकरी नकाशासारखी झाली. आम्ही दोघींनी ती वाटून खाल्ली.

मग सोसायटीचे चारजण घरी आले. चेअरमन पुढे. समजुतीची भाषा, घशात खाकरणं, पंख्याची चौकशी. सिस्टर, तुम्ही मोठ्या मनाच्या, असं म्हणून झालं. आई ऐकून घेत होती. मला वाटतं तिने फिर्याद मागे घेण्याचा विचार मनात आणलाही असेल. तेवढ्यात चेअरमन बोलून गेला, "आणि तसं बघायला गेलं तर तो शब्द कोणी ऐकला? तुमच्या स्वतःच्या फिर्यादीत नाही. म्हणजे तो बोललाच नाही, असंच ना? तुमच्या ऐकण्यात काहीतरी चूक झाली असेल."

आईने त्यांच्याकडे एकटक पाहिलं. तिचा चेहरा मी तसा कधी बघितला नव्हता. ती उठली, पितळी कडी काढली आणि दार उघडून धरलं. चौघे चपला शोधत बाहेर पडले.

दुसऱ्या दिवशी ती मला म्हणाली, "पाचूबंदरला चल." का, ते सांगितलं नाही. ती कोळीण पोलिसांना जबाब दिल्यापासून आमच्या इमारतीत आली नव्हती. सेक्रेटरीने वॉचमनला सांगून तिला गेटवरच अडवलं होतं. कारण पोलिसांपुढे खरं सांगणारी ती एकटीच निघाली होती.

वसईच्या किल्ल्याच्या अंगाने आम्ही बंदरावर गेलो. लिलाव आटोपत आला होता. बोंबील वाळत होते, होड्या वाळूत कलंडल्या होत्या, आणि ती आपल्या दारात जाळ्याच्या ढिगाशी बसली होती. आईचं प्लास्टर बघून तिने आधी हळहळ केली, मग पोराला ओरडून पाट मागवला, मग चहा. आईने चहा घेतला. ती कोणाकडे चहा घेत नसे, म्हणून मला ते लक्षात राहिलं.

"तुमच्यावर त्रास आला माझ्यामुळे," आई म्हणाली.

"कसला तरास? दुसऱ्या बिल्डिंगी नाय काय विरारला? मासली खानारी मानसं मोप हायत." तिने हात झटकला. "तू सांग, तुजी केस कुटं आली?"

आईने सांगितलं. शब्दापाशी अडली आहे, हेही सांगितलं.

कोळीण चकित झाली. "म्हंजे? मी बोलून आले पोलिसाला आनि तू बोलली नाय?"

"तो शब्द तुम्ही बोललात?"

"मंग! इचारला त्यानी, सांगितला मी. माज्या कानानं आयकलाय, मना कोनाची भीती? तोंड विटालला माजा, खोटा नाय सांगत. मंग घरा येऊन पान्यानं तोंड धुतला, झाला." ती आईच्या गुडघ्यावर हात ठेवून म्हणाली, "बाय, घान त्यानी केली. तू निसती दाखवाची हाय, कुटं पडली ती."

आई चहा संपवून उठली. परत येताना ती रिक्षात माझ्याकडे न बघता म्हणाली, "ती बाई माझ्यासाठी तो शब्द तोंडात घेऊन आली." मी पुढचं ऐकायला कान टवकारले. पुढचं काही आलं नाही. पुरवणी जबाब द्यायलाही ती गेली नाही. सरकारी वकिलांना तिने एवढंच कळवलं की तारखेला मी हजर राहीन. ते म्हणाले, कोळणीच्या जबाबात शब्द आहे हे ठीक, पण समोरचा वकील विचारणार, ऐकणारीला ऐकू आलं आणि जिला म्हटलं तिला कसं नाही? आई म्हणाली, हो.

तारीख उजाडली. आई पांढरी साडी नेसली, कामावर नेसायची तीच. मी निऱ्या काढून दिल्या. एसटीत ती खिडकीशी बसली. ती काय करणार आहे हे मला माहीत नव्हतं. मला भीती वाटत होती, आणि ती मला सेक्रेटरीची नव्हती. भीती ही होती, की आई उभी राहील, तोंड उघडेल आणि वसईसारखंच होईल, आणि भरल्या कोर्टात ती खोटी ठरेल. माझी आई खोटी ठरलेली मला बघवली नसती.

कोर्टात गर्दी होती. सेक्रेटरी त्याच इस्त्रीत, मागच्या बाकावर, त्याच्या बाजूला चेअरमन. त्याच्या वकिलाने मागचंच पुन्हा म्हटलं, यावेळी जरा लांबण लावून. सरकारी वकिलांनी दाखला दिला, कोळणीचा जबाब वाचला. समोरचा वकील लगेच उठला. म्हणाला, साहेब, मासे विकणाऱ्या बाईची इमारतीशी गिऱ्हाइकी तुटली, तिचा राग आहे. फिर्यादी सुशिक्षित आहे, सरकारी नोकरीत आहे. असा शब्द खरोखर उच्चारला गेला असता तर ही बाई तो सांगायची राहिली असती का?

न्यायाधीशांनी चष्मा काढला. "फिर्यादी हजर आहेत?"

"आहेत, साहेब."

आई उठली. मी तिला आधार द्यायला हात पुढे केला, तो तिने बाजूला सारला.

"तुम्ही शिकलेल्या आहात," न्यायाधीश म्हणाले. "फिर्यादीत शब्द का नाही?"

आई बोलायला लागली. आवाज आधी बारीक होता, मग मोकळा झाला. "साहेब, माझ्या वडिलांनी तो शब्द आमच्या घरात बंद केला. मी त्याच्याशिवाय वाढले. ही माझी मुलगी, हीसुद्धा त्याच्याशिवाय वाढली. पोलिसांनी विचारलं तेव्हा मला वाटलं, जातीवरून बोलला एवढं सांगितलं की पुरे आहे. ह्या देशात राहणाऱ्या माणसाला बाकीचं समजायला काय अवघड आहे?"

कोर्टात कोणीतरी हसलं. न्यायाधीशांनी वर पाहिल्यावर ते थांबलं.

"मी तोंड मिटलं ते माझ्या घराची अब्रू म्हणून," आई म्हणाली. "पण आता हे लोक म्हणतात, मी बोलले नाही म्हणजे तो बोलला नाही. माझ्या गप्प राहण्याचा ह्यांनी आडोसा केला. तो आडोसा मी काढून घ्यायला आले आहे."

वकील उठला. "साहेब, हे आता शिकवून आणलेलं..."

न्यायाधीशांनी हाताने त्याला बसवलं. "सांगा," ते आईला म्हणाले.

आई वळली. न्यायाधीशांकडे नाही, मागे वळली, सेक्रेटरीच्या दिशेने. आणि त्याने त्या दुपारी टाकीपाशी जे वाक्य ओरडून म्हटलं होतं ते तिने पहिल्यापासून शेवटपर्यंत, त्याच क्रमाने, त्या शब्दासकट उच्चारलं. ओरडली नाही. हॉस्पिटलात डॉक्टरांना पेशंटचा ताप सांगावा तसं सांगितलं, शब्द न् शब्द स्वच्छ. माझ्या आयुष्यात तिच्या तोंडून तो मी तेवढाच ऐकला. मी तो इथे लिहीत नाही.

सेक्रेटरीने खाली पाहिलं. चेअरमनने त्याच्याकडे पाहिलं आणि जरासा सरकून बसला. माझे डोळे भरून आले, पण मी रडत नव्हते. मला इतका अभिमान वाटत होता की तो कुठे ठेवावा कळेना. मला उभं राहून सगळ्या कोर्टाला सांगावंसं वाटलं, ही माझी आई आहे.

"लिहून घेतलं," न्यायाधीश म्हणाले. "बसा."

आई बसली नाही. "साहेब, एक विनंती आहे."

"बोला."

"मागच्या तारखेपासून मला इथे सगळे फिर्यादी म्हणतात. त्या दिवशी ह्याने मला काय म्हटलं ते आता तुम्ही लिहून घेतलंत. त्याच्या शेजारी माझं नाव लिहा. मी सांगते."

सरकारी वकील हलकेच म्हणाले, "बाई, नाव कागदावर आहे."

"कागदावर आहे. कोणी घेतलं नाही."

आणि तिने आपलं नाव सांगितलं. स्वतःचं, मग वडिलांचं, मग माझ्या बाबांचं, मग आडनाव, आणि पुढे हुद्दा, अधिपरिचारिका. भरल्या कोर्टात, प्लास्टरचा हात छातीशी धरून.

न्यायाधीशांनी लिहिलं. लिहून झाल्यावर त्यांनी मान वर केली आणि तिला तिच्या नावाने, त्यापुढे बाई लावून, बसायला सांगितलं. आई बसली. मग त्यांनी सेक्रेटरीचा अर्ज फेटाळला.